जुन्या कम्प्युटरवर मुलांना प्रोग्रामिंग शिकवायचंय? नेहमी विचारले जाणारे प्रश्न

हे पान त्या शिक्षकांसाठी आणि पालकांसाठी आहे ज्यांच्याकडे दहा-पंधरा वर्षांपूर्वीचे पीसी धूळ खात पडलेत आणि ज्यांना कुणीतरी सांगितलंय की यावर आता काही चालणार नाही, नवीन घ्या. बऱ्याचदा ते खरं नसतं. मशीन बघून सॉफ्टवेअर निवडलं तर पेंटियम ४ वरसुद्धा मूल लूप (तेच परत परत करणं), कंडिशन (अट) आणि व्हेरिएबल (किंमत साठवायची जागा) नीट शिकतं. उलटं केलं, म्हणजे आधी लेटेस्ट सॉफ्टवेअर ठरवलं आणि मग ते जुन्या मशीनवर कोंबायला गेलं, की सगळा वेळ हँग झालेल्या स्क्रीनकडे बघण्यात जातो.

प्रश्न: एका वाक्यात सांगा, आमच्या जुन्या पीसीवर स्क्रॅच चालेल का?

चालेल, पण कुठलं स्क्रॅच (म्हणजे सूचनांचे रंगीत ब्लॉक जोडून प्रोग्राम बनवायचं मुलांचं सॉफ्टवेअर) ते मशीनवर ठरतं. विंडोज एक्सपी असेल किंवा रॅम १ जीबी आणि त्याखाली असेल तर स्क्रॅच १.४, विंडोज ७ आणि २ ते ४ जीबी असेल तर नवीन स्क्रॅच ३ ट्राय करून बघा, नाही जमलं तर परत १.४. बाकी सगळं खाली आहे.

प्रश्न: पण आमचं मशीन नेमकं काय आहे हेच माहीत नाही, कसं बघायचं?

माय कम्प्युटरवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडा, तिथे विंडोज कुठलं, रॅम किती, प्रोसेसर कुठला ते दिसतं. मग विंडोजचं बटण आणि आर दाबून डीएक्सडायग टाइप करा, त्यात डिस्प्लेच्या टॅबवर ग्राफिक्स चिपचं नाव येतं, ते वहीत लिहून ठेवा कारण स्क्रॅच ३ अडतं ते बहुतेक वेळा तिथेच अडतं.

अजून एक गोष्ट. प्रॉपर्टीजमध्ये ३२ बिट लिहिलेलं असलं म्हणजे मशीन ३२ बिटच आहे असं नाही, ते फक्त टाकलेल्या विंडोजबद्दल सांगतं. त्या काळात असेंबल्ड पीसीवर सरसकट ३२ बिट विंडोज टाकून द्यायचे, आतला कोअर २ ड्युओ किंवा पेंटियम ड्युअल कोअर मात्र बहुधा ६४ बिटचा असतो, शेवटी शेवटी आलेले काही पेंटियम ४ सुद्धा ६४ बिट आहेत. अॅटम एन२७० वाले छोटे नेटबुक मात्र खरोखरच ३२ बिट. विंडोजऐवजी लिनक्स ही ऑपरेटिंग सिस्टिम टाकायच्या वेळी याचा फार फरक पडतो.

प्रश्न: स्क्रॅचची साइट उघडली की ब्राउझर सपोर्टेड नाही किंवा वेबजीएल नाही असा मेसेज येतो, काय करू?

स्क्रॅच ३ जानेवारी २०१९ मध्ये आलं आणि ते पूर्ण ब्राउझरच्या जोरावर चालतं, स्टेजवरची चित्रं काढायला त्याला वेबजीएल लागतं आणि वेबजीएलला ग्राफिक्स चिपची साथ लागते. इंटरनेट एक्सप्लोररवर ते चालत नाही. एक्सपीवर क्रोम ४९ आणि फायरफॉक्स ५२ ला थांबलंय आणि स्क्रॅच ३ ला क्रोम ६३ किंवा फायरफॉक्स ५७ च्या पुढचं पाहिजे, त्यामुळे एक्सपीवर स्क्रॅच ३ हा विषयच सोडून द्या, कितीही सेटिंग केल्या तरी ते होणार नाही.

विंडोज ७ वर क्रोम १०९ पर्यंत येतं, तेवढं पुरतं, पण मग ग्राफिक्सची अडचण येते. ९४५ किंवा जी३१ चिपसेटचा मदरबोर्ड असेल तर ऑनबोर्ड ग्राफिक्सवर आशा ठेवू नका, जी४१ वर कधी चालतं कधी नाही. अशा वेळी सेकंडहँड छोटं ग्राफिक्स कार्ड मिळालं तर काम होतं, पण लॅबमध्ये दहा मशीन असतील तर दहा कार्डं कुठून आणणार, त्यापेक्षा सरळ १.४ घ्या.

प्रश्न: हे १.४ १.४ काय आहे, ते तर खूप जुनं ना?

हो, २००९ चं आहे, आणि म्हणूनच कामाचं आहे. एमआयटी मीडिया लॅबमध्ये मिचेल रेझ्निक यांच्या ग्रुपने स्क्रॅच बनवलं, पहिलं जाहीर व्हर्जन २००७ ला आलं. ते स्क्वीक नावाच्या स्मॉलटॉकच्या सिस्टिमवर बांधलेलं होतं, त्यामुळे त्याला ब्राउझर लागत नाही, फ्लॅश लागत नाही, वेबजीएल लागत नाही. विंडोज २००० पासून पुढे चालतं, स्क्रीन ८०० बाय ४८० ची असली तरी पुरते, डिस्कवर साधारण १२० एमबी जागा. त्याची झिप फाइल मिळते, ती उघडून फोल्डर पेनड्राइव्हवर टाकला की इन्स्टॉल न करता थेट चालू, म्हणजे अॅडमिन पासवर्ड कुणाकडे आहे हे शोधत बसायची गरज नाही (शाळांच्या लॅबमध्ये हा पासवर्ड पाच वर्षांपूर्वी बदली झालेल्या सरांकडेच असतो).

५१२ एमबी रॅमवर ते आरामात चालतं. विंडोज १० वर पण चालतं, त्यामुळे घरी नवा लॅपटॉप असलेलं मूल घरीही तेच वापरू शकतं.

त्यात नाही काय ते पण सांगतो. स्वतःचा ब्लॉक बनवायची सोय नाही, क्लोन (प्रोग्राम चालू असताना पात्राची नक्कल काढणं) नाही, व्हेक्टर चित्रं नाहीत, या तिन्ही गोष्टी २०१३ च्या स्क्रॅच २ मध्ये आल्या. बाकी रिपीट, इफ-एल्स, व्हेरिएबल, लिस्ट, ब्रॉडकास्ट, प्रश्न विचारून उत्तर घेणारा आस्क ब्लॉक, शब्द जोडणारा जॉइन, पेनने चित्र काढणं, हे सगळं आहे.

प्रश्न: जुन्या व्हर्जनवर शिकवलं तर आमची मुलं मागे पडतील ना?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो आणि विचारणाऱ्याच्या आवाजात एक प्रकारचा अपराधीपणा असतो, जणू गावातल्या मुलांना आपण काहीतरी शिळं वाढतोय. तसं अजिबात नाहीये, आणि का नाही ते जरा सविस्तर सांगतो.

पहिल्या वर्षात मुलाला काय समजायला हवं ते बघा. सूचना क्रमाने चालतात, क्रम बदलला की निकाल बदलतो. एकच गोष्ट दहा वेळा करायची तर दहा वेळा लिहायची नाही, लूप लावायचा. एखादी अट खरी असेल तर हे, नाहीतर ते. स्कोअर कुठेतरी साठवावा लागतो आणि गेम परत सुरू झाला की तो शून्य करावा लागतो, हे सगळी मुलं विसरतात आणि एकदा विसरून गेम बिघडला की आयुष्यभर विसरत नाहीत. दोन पात्रांनी एकमेकांना निरोप द्यायचा असतो. आणि सगळ्यात मोठं, चुकलं तर घाबरायचं नाही, एक एक ब्लॉक बाजूला काढून कुठे चुकलं ते शोधायचं. यातली एकही गोष्ट १.४ मध्ये अडत नाही. सातवीतल्या मुलाने १.४ मध्ये पकडापकडीचा गेम बनवला तर त्याच्या डोक्यात जे घडतं तेच स्क्रॅच ३ मध्ये बनवणाऱ्याच्या डोक्यात घडतं.

क्लोन नसण्याची अडचण येते ती गोळ्या मारायच्या गेममध्ये, तिथे बॉलचा एकच स्प्राइट (पात्र) परत परत वापरायचा, स्क्रीनच्या बाहेर गेला की लपवायचा आणि पुन्हा तोफेजवळ आणायचा. हे करताना मुलं को-ऑर्डिनेट जास्त चांगले शिकतात असं मला तरी दिसलंय.

आणि कमी ताकदीच्या मशीनवर शिकवणं ही काही तडजोड म्हणून आलेली गोष्ट नाही. २००७ मध्ये आपल्याच रायगड जिल्ह्यात खैरात-धनगरवाड्याच्या शाळेत एक मूल एक लॅपटॉपवाल्या ओएलपीसीचा भारतातला प्रयोग झाला होता. त्यांचा एक्सओ-१ लॅपटॉप बाजारात आला तेव्हा त्यात ४३३ मेगाहर्ट्झचा प्रोसेसर, २५६ एमबी रॅम आणि १ जीबी फ्लॅश एवढंच होतं, हार्डडिस्क नव्हतीच, आणि त्यावर टर्टल आर्ट आणि ईटॉइज ही मुलांची प्रोग्रामिंगची सॉफ्टवेअर चालायची. तुमच्या लॅबमधलं सगळ्यात रडतं मशीन यापेक्षा बरं असेल.

प्रश्न: १.४ मध्ये केलेलं काम नव्या स्क्रॅचमध्ये उघडेल का?

उघडेल. १.४ ची फाइल एसबी, २ ची एसबी२, ३ ची एसबी३, आणि नवं व्हर्जन जुन्या दोन्ही फाइली वाचतं. म्हणजे मुलाने वर्षभर १.४ वर केलं आणि पुढे हायस्कूलमध्ये चांगली लॅब मिळाली तर त्याचं काहीच वाया जात नाही, फाइल मेनूतून लोड करायचं आणि पुढे चालू. ऑनलाइन टाकायचं असेल तरी हाच रस्ता.

उलटं होत नाही. नेटवरून उतरवलेला एसबी३ प्रोजेक्ट १.४ मध्ये उघडणार नाही, हट्ट करू नका. त्यातली चित्रं आणि आवाज हवे असतील तर एक युक्ती आहे, एसबी३ ही आतून झिप फाइलच असते, नावाच्या शेवटी झिप लिहून ती उघडली की आत सगळं सापडतं. पीएनजी चित्रं आणि डब्ल्यूएव्ही आवाज १.४ घेतं, एसव्हीजी घेत नाही.

प्रश्न: व्हिडिओत दाखवतात तो ब्लॉक आमच्याकडे सापडतच नाही

बहुतेक वेळा तो असतो, फक्त दुसऱ्या ठिकाणी असतो. स्क्रॅच ३ मध्ये पेन आणि म्युझिक हे एक्स्टेन्शनमध्ये गेलेत, खाली डाव्या कोपऱ्यातलं बटण दाबून आणावे लागतात, १.४ मध्ये पेन सरळ स्वतःच्या कप्प्यात आहे आणि वाद्यांचे ब्लॉक साउंडमध्ये. इव्हेंट्सचा पिवळा कप्पा १.४ मध्ये नाही, हिरव्या झेंड्याचा ब्लॉक कंट्रोलमध्ये बघा. स्टेज पण उजवीकडेच आहे, त्यामुळे एकदा ओळख झाली की गोंधळ होत नाही.

टेक्स्ट टू स्पीच आणि ट्रान्सलेट हे मात्र फक्त स्क्रॅच ३ मध्ये आहेत आणि तिथेही त्यांना इंटरनेट लागतं. शिक्षकांना माझं सांगणं, तासाच्या आदल्या दिवशी तो प्रोजेक्ट स्वतः १.४ मध्ये करून बघा, मुलांसमोर ब्लॉक शोधत बसलात तर वर्ग हातातून जातो.

प्रश्न: मधलं स्क्रॅच २ का नाही सुचवत?

कारण ते फ्लॅशवर होतं आणि फ्लॅश ३१ डिसेंबर २०२० ला बंद झालं. ऑफलाइनवालं स्क्रॅच २ अडोबी एअर टाकून अजून चालतं, कुणाकडे आधीच बसवलेलं असेल आणि नीट चालत असेल तर काढू नका, पण नव्याने बसवायला गेलात तर एअरचं जुनं व्हर्जन शोधण्यात दिवस जातो आणि कुठल्यातरी भलत्या साइटवरून व्हायरस घरी येतो.

प्रश्न: आमच्याकडे विंडोज ७ आहे, नेट नाही, तरी स्क्रॅच ३ च पाहिजे

मग टर्बोवार्प डेस्कटॉप बघा. हा स्क्रॅच ३ वरूनच बनवलेला वेगळा एडिटर आहे, एसबी३ फाइली उघडतो, प्रोजेक्ट बऱ्याच वेगाने चालवतो, आणि त्यांनी विंडोज ७ व ८ साठी वेगळं लेगसी व्हर्जन ठेवलंय. स्क्रॅचच्या स्वतःच्या ऑफलाइन अॅपला विंडोज १० लागतं. वेबजीएलची अट टर्बोवार्पलाही आहे हे लक्षात ठेवा, म्हणजे ग्राफिक्स चिप अगदीच जुनी असेल तर हाही मार्ग बंद.

आणि २ जीबी रॅमवर चालवताना बाकी सगळं बंद करा. स्टार्टअपला जे दहा-बारा प्रोग्राम चालू होतात ते एमएसकॉन्फिगमध्ये जाऊन काढून टाका, यात प्रिंटरचे अपडेटर, जुने मेसेंजर, एक्स्पायर झालेला अँटिव्हायरस असं बरंच निघतं, त्याने पडणारा फरक बघून लोकांना आश्चर्य वाटतं.

प्रश्न: लिनक्स टाकू का?

तुमच्या आसपास लिनक्स हाताळलेला एक जरी माणूस असेल तर नक्की टाका. मायक्रोसॉफ्टने एक्सपीचा सपोर्ट ८ एप्रिल २०१४ ला, विंडोज ७ चा १४ जानेवारी २०२० ला थांबवला, आणि १४ ऑक्टोबर २०२५ पासून विंडोज १० ची पण तीच गत, त्यामुळे नेटला जोडायचं मशीन असेल तर लिनक्स जास्त सुरक्षित. व्हायरसचा त्रास जवळपास संपतो हा शाळेसाठी फार मोठा फायदा आहे.

कुठलं टाकायचं, तर ६४ बिट आणि २ जीबी रॅम असेल तर लुबुंटू किंवा एमएक्स लिनक्स, १ जीबी किंवा कमी असेल तर अँटीएक्स. खरंच ३२ बिट प्रोसेसर असेल तर निवड कमी होत चाललीय, लुबुंटूने ३२ बिट १८.१० नंतर बंद केलं, डेबियन १२ मध्ये ३२ बिट होतं पण २०२५ च्या डेबियन १३ मध्ये त्याचा इन्स्टॉलर नाही. आपल्या सीडॅकचं बॉस लिनक्स पण आहे, भारतीय भाषांची सोय त्यात आधीपासून असते.

आधी इन्स्टॉल करू नका, पेनड्राइव्हवरून लाइव्ह चालवून बघा की आवाज, नेटवर्क आणि स्क्रीनचं रिझोल्यूशन नीट येतंय का. फार जुन्या बोर्डला पेनड्राइव्हवरून बूट होता येत नाही, तिथे डीव्हीडी जाळावी लागेल. आणि इन्स्टॉल करण्याआधी शाळेचा डेटा काढून घ्या, क्लार्कच्या टेबलावरच्या मशीनला तर हातच लावू नका.

प्रश्न: स्क्रॅच सोडून अजून हलकं काय आहे?

लोगो. १९६७ मध्ये सिमोर पॅपर्ट, सिंथिया सोलोमन आणि वॉली फोयरझाइग यांनी मुलांसाठी बनवलेली भाषा, आणि अजूनही भूमिती शिकवायला मला तिच्यासारखं दुसरं काही सापडलेलं नाही. कासवाला सांगायचं फॉरवर्ड १००, राइट ९०, हे चार वेळा रिपीट केलं की चौरस. मग मुलाला त्रिकोण काढायला सांगा, ते ६० अंश टाकणार, त्रिकोण होणारच नाही, आणि मग ते स्वतः उठून जमिनीवर चालून बघतं आणि त्याच्या लक्षात येतं की कासव बाहेरच्या कोनातून वळतं, म्हणजे १२०. पुस्तकातला बाह्यकोन त्या दिवशी खरा कळतो.

विंडोजवर एफएमएसलोगो टाका, एक्सपीपासून पुढे चालतं, अगदी छोटं आहे. लिनक्सवर केटर्टल आहे, आणि आयआयटी मुंबईच्या स्पोकन ट्युटोरियल प्रकल्पात केटर्टलवर व्हिडिओ आहेत, मराठीतूनही, शिक्षकांनी आधी ते बघावेत. आणि लिब्रे ऑफिस असेल तर काहीच टाकायला नको, रायटरमध्ये व्ह्यू, टूलबार्स, लोगो एवढं केलं की लिब्रेलोगो समोर येतं, ४.० व्हर्जनपासून आहे. एक्सपीवर लिब्रे ऑफिस ५.४ पर्यंत चालतं.

नेट नसेल तर ब्लॉकली गेम्सची ऑफलाइन झिप पण उतरवून ठेवा. कोडी सोडवत जायची आहेत, वेबजीएल लागत नाही, आणि पहिल्या दोन-तीन तासांना छान पुरतं.

प्रश्न: आठवी-नववीच्या मुलांना पायथन शिकवायचंय, कुठलं व्हर्जन?

एक्सपीवर ३.४.४, विंडोज ७ वर ३.८.१०, त्यापुढचं उतरवलं तर बसणारच नाही. मुलांना पायथनसोबत येणारं आयडल (प्रोग्राम लिहायची खिडकी) पुरे, ते फार हलकं आहे. विंडोज ७ वर थॉनी पण छान चालतं, एस्टोनियातल्या टार्टू विद्यापीठात शिकाऊ मुलांसाठीच बनलेलं आहे, व्हेरिएबलची किंमत ओळीगणिक कशी बदलते ते दाखवतं, फक्त डाउनलोड करताना पायथन ३.८ वालं ३२ बिट व्हर्जन निवडा.

विंडोज ७ वर पायथन सुरू करताच एपीआय-एमएस-विन-सीआरटी अशा नावाची डीएलएल मिसिंग आहे असं आलं तर ती डीएलएल नेटवरून शोधून कॉपी करू नका. सर्व्हिस पॅक १ आहे का बघा आणि मायक्रोसॉफ्टचा केबी२९९९२२६ हा अपडेट टाका, काम होतं.

३.४ वापरणाऱ्यांनी एक लक्षात ठेवा, एफ-स्ट्रिंग (वाक्यात व्हेरिएबलची किंमत घालायची सोपी पद्धत) ३.६ मध्ये आल्या. आजकालच्या प्रत्येक व्हिडिओत त्या वापरतात आणि मुलाने तसंच टाइप केलं की सिंटॅक्स एरर येतो आणि त्याला वाटतं आपलंच चुकलं. मुलांना आधीच सांगून ठेवा, फॉरमॅट वापरायला शिकवा.

पायथनमधलं टर्टल जुन्या मशीनवर हळू चालतं, स्पीड शून्य ठेवला की सगळ्यात जलद, आणि मोठी नक्षी असेल तर ट्रेसर (पायरी-पायरीने चित्र दाखवणं) बंद करून शेवटी एकदाच अपडेट करायचं.

प्रश्न: प्रोग्राममध्ये मराठी लिहिता येतं का?

येतं, आणि लिहाच. पायथन ३ मध्ये व्हेरिएबलचं नावसुद्धा देवनागरीत चालतं, बेरीज, गुण, वय अशी नावं ठेवली की पाचवी-सहावीच्या मुलाला प्रोग्राम वाचता येतो. भाषेचे मूळ शब्द इंग्रजीच राहतात, त्याला इलाज नाही. कमांड प्रॉम्प्टवर चौकोन दिसले तर घाबरू नका, तोच प्रोग्राम आयडलमध्ये चालवा, तिथे अक्षरं नीट येतात. एक्सपीवर मात्र कंट्रोल पॅनेलच्या रीजनल अँड लँग्वेजमध्ये कॉम्प्लेक्स स्क्रिप्टची टिक करावी लागते आणि त्यासाठी एक्सपीची सीडी मागतं, ती आधी शोधून ठेवा.

स्क्रॅच ३ मध्ये पण स्प्राइटची नावं, व्हेरिएबल, संवाद सगळं मराठीत टाइप होतं.

प्रश्न: आमच्या वेळचं क्यूबेसिक आणि टर्बो सी चालेल का?

३२ बिट एक्सपीवर क्यूबेसिक तसंच चालतं. ६४ बिट विंडोज १६ बिटचे प्रोग्राम चालवतच नाही, तिथे डॉसबॉक्स (जुने डॉसचे प्रोग्राम चालवणारं सॉफ्टवेअर) टाकावा लागेल. क्यूबेसिक मला अजूनही आवडतं, स्क्रीन निळी, विचलित करायला दुसरं काहीही नाही. टर्बो सी++ मात्र नव्या मुलांना नका देऊ. ते सी++ चं १९९८ चं स्टँडर्ड यायच्या आधीचं आहे, त्यातल्या सवयी पुढे सगळ्या मोडाव्या लागतात. त्याच मशीनवर कोडब्लॉक्स किंवा लिनक्सवर जिनी आणि जीसीसी व्यवस्थित चालतं.

प्रश्न: थोडे पैसे आहेत, कशावर खर्च करू?

आधी सेल बदला. मदरबोर्डवरचा सीआर२०३२ चा गोल सेल, किरकोळ किमतीत मिळतो. तो संपला की दर वेळी तारीख मागे जाते आणि मग प्रत्येक साइटवर कनेक्शन सुरक्षित नाही असा मेसेज येतो, लोक नेटवाल्याला फोन करत बसतात आणि कारण असतं ती चुकीची तारीख.

दुसरं, साफसफाई. ब्लोअरने धूळ काढा, मशीन चालू न होता बीप बीप करत असेल तर प्लग काढून रॅम बाहेर घ्या, तिचे सोनेरी दात खोडरबरने हलके पुसा आणि परत बसवा. मेलेली म्हणून बाजूला ठेवलेली मशीन यानेच उठतात. प्रोसेसरवरची सुकलेली पेस्ट पण बदला.

मग रॅम. कोअर २ ड्युओच्या काळातल्या बहुतेक बोर्डांना डीडीआर२ लागते, पहिल्या पिढ्यांच्या आय३ ला डीडीआर३, नवी घ्यायला जाऊ नका, लॅमिंग्टन रोडला किंवा तुमच्या तालुक्याच्या रिपेअरवाल्याकडे सेकंडहँड मिळते. सॅटा पोर्ट असेल तर छोटी एसएसडी. ती टाकली की जुनं मशीन ओळखू येत नाही, पण रॅम १ जीबी असताना एसएसडी टाकून फार उपयोग नाही, म्हणून हाच क्रम ठेवा.

शाळेच्या मशीनबद्दल एक महत्त्वाचं, ती डेडस्टॉक रजिस्टरला नोंदलेली असतात. एकाची रॅम काढून दुसऱ्याला लावायची असेल तरी मुख्याध्यापकांना सांगून, लिहून ठेवून करा. चांगलं काम करणारे शिक्षक नंतर तपासणीच्या वेळी अडचणीत येऊ नयेत.

प्रश्न: पेनड्राइव्हने सगळीकडे शॉर्टकट व्हायरस पसरलाय

मुलांच्या फाइली गेल्या नसतात, लपलेल्या असतात, फोल्डर ऑप्शनमध्ये हिडन आणि सिस्टिम फाइल दाखवा म्हटलं की दिसतात. त्या शॉर्टकटवर डबल क्लिक कुणीही करायचं नाही हा नियम भिंतीवर लावा. ऑटोरन बंद करा. एक्सपीची मशीन नेटला जोडू नका, त्यांना नेटची गरजही नाही, लागेल ते सॉफ्टवेअर एका चांगल्या मशीनवर मूळ साइटवरून उतरवून एका वेगळ्या पेनड्राइव्हवर ठेवा, आणि तो पेनड्राइव्ह मुलांच्या हातात जाणार नाही असं बघा. लिनक्सच्या मशीनवर पेनड्राइव्ह साफ करणं सगळ्यात सोपं.

प्रश्न: चाळीस मुलं आणि चालू मशीन सहा, कसं करायचं?

एका मशीनवर दोन, फार तर तीन. एकाच्या हातात माउस, दुसऱ्याने सांगायचं, आणि दर दहा मिनिटांनी अदलाबदल, ही वेळ शिक्षकांनी घड्याळ लावून पाळा नाहीतर धीट मूल माउस सोडत नाही आणि बहुतेकदा मागे राहतात त्या मुली. बाकीची मुलं वर्गात कागदावर काम करतात, ब्लॉकच्या चिठ्ठ्या कापून क्रम लावणं, मित्राला कासव करून मैदानात चालवणं. हे काम दुय्यम नाही, कागदावर आधी विचार केलेली जोडी मशीनवर अर्ध्या वेळात काम संपवते.

एका सीपीयूला चार-पाच मॉनिटर जोडलेली लॅब असेल तर तिथे स्क्रॅच ३ उघडू नका, सगळ्यांची रॅम एकच असते. १.४ किंवा लोगो चालवा.

प्रश्न: त्यापेक्षा मोबाइलवर का नाही शिकवत?

लहानग्यांना, म्हणजे साधारण पाच ते सात वर्षं, टॅबलेटवर स्क्रॅच ज्युनिअर चांगलंय. मोठ्या मुलांना मात्र कीबोर्ड पाहिजे, मोठी स्क्रीन पाहिजे, आणि फाइल कुठे सेव्ह झाली, फोल्डर म्हणजे काय, हे समजायला पाहिजे. शिवाय मोबाइल घरात एकच असतो, तो वडिलांबरोबर कामाला जातो. शाळेतला पीसी शाळेतच असतो.

प्रश्न: मुलांचं काम सांभाळून कसं ठेवायचं?

जुन्या हार्डडिस्कवर भरोसा ठेवू नका, त्या सांगून मरत नाहीत. प्रत्येक मशीनवर डी ड्राइव्हमध्ये वर्ग आणि तुकडीचा फोल्डर, त्यात जोडीच्या नावाचा फोल्डर. फाइलच्या नावात तारीख टाकायची सवय लावा आणि नाव इंग्रजी अक्षरांतच ठेवा, देवनागरी नाव जुन्या सॉफ्टवेअरला कधी कधी उघडता येत नाही. दर शनिवारी तास संपला की सगळे फोल्डर एका पेनड्राइव्हवर कॉपी करायचे, हे काम मुलांनाच आळीपाळीने द्या. आणि कुठल्या मशीनवर काय टाकलंय, कुठलं व्हर्जन, कुठली रॅम, हे लॅबच्या वहीत लिहून ठेवा, तुमची बदली झाल्यावर येणाऱ्या सरांना किंवा मॅडमना तीच वही लागणार आहे, आणि हो, अॅडमिन पासवर्ड पण त्यातच लिहा.